मोठा खेळ, छोटा फोन : कापून बसवणाऱ्या कारागिरांचा हिशेब

नाशिकच्या महात्मा गांधी रोडवरील मोबाइलची दुकाने आपल्या वाचकांना नवी नाहीत. साधारण २००८ ते २०१२ या काळात अशा दुकानांत, तसेच भद्रकालीपासून मालेगावच्या मोहल्ल्यांपर्यंतच्या टपऱ्यांवर, एक छोटा जोडधंदा चालत असे. गिऱ्हाईक नखाएवढे मेमरी कार्ड काढून देई. दुकानदार ते संगणकाला जोडी आणि दहा-वीस रुपयांत त्यात गाणी, कव्वाल्या, नात आणि चित्रपटांचे तुकडे भरून देई. त्याबरोबर दोन-चार गेमही जात. मग बटणांच्या साध्या फोनवर एखादा राजपुत्र भिंतीवरून उड्या मारू लागे, एखादा शिपाई बंदूक घेऊन बोळातून धावू लागे.

यातले बरेचसे खेळ मुळात फोनसाठी जन्मलेले नव्हते. ते संगणकासाठी आणि टीव्हीला जोडायच्या यंत्रांसाठी बनलेले होते. कोणीतरी ते कापले, दुमडले आणि पुन्हा शिवून दोन बोटांच्या पडद्यावर बसवले. हे काम करणारे बरेच लोक आपल्या देशात, काही तर आपल्याच राज्यात, मुंबई-पुण्यात बसत होते. तो धंदा त्या रूपात आज उरलेला नाही. पण त्याचा हिशेब मांडण्यासारखा आहे. कारण मापाने कापणे आणि दुसऱ्याच्या मालावर मजुरीने काम करणे, या दोन्ही गोष्टी आपल्या कारागीर बांधवांच्या रोजच्या आहेत.

पडदा अठ्ठेचाळीस पट लहान

फोनवरचा खेळ लोकांत रुजला तो १९९७ नंतर. नोकियाच्या ६११० या फोनमध्ये सापाचा खेळ होता. तो तनेली अर्मांतो या फिनलंडच्या अभियंत्याने बनवला होता. साप कंपनीच भरून पाठवी. बाहेरचा खेळ त्या फोनमध्ये टाकता येत नसे. २००१-०२ पासून फोनमध्ये जावा नावाची सोय येऊ लागली आणि दुसऱ्याने बनवलेला खेळ फोनमध्ये उतरवून घेणे शक्य झाले. आपल्याकडे २००३ मध्ये रिलायन्सने ५०१ रुपयांत फोन देण्याची 'मान्सून हंगामा' योजना आणली. त्याच वर्षी येणारे कॉल मोफत झाले. हमाल, रिक्षावाला, हातगाडीवाला, सगळ्यांच्या हाती फोन दिसू लागला. गिऱ्हाईक तयार झाले, आता माल हवा होता.

माल संगणकावर तयार होता. अडचण होती ती मापाची. त्या काळी संगणकाचा पडदा १०२४ बाय ७६८ ठिपक्यांचा असे, म्हणजे ७,८६,४३२ ठिपके. या ठिपक्याला पिक्सेल म्हणतात. २००२ साली आलेल्या नोकिया ७२१० चा पडदा होता १२८ बाय १२८, म्हणजे १६,३८४ ठिपके. भागाकार करून पाहा, बरोबर अठ्ठेचाळीस पट लहान! वजनाचा फरक तर याहून मोठा. संगणकाचा खेळ सीडीवर येई आणि एका सीडीत ७०० एमबी माल मावत असे. नोकियाच्या त्या जातीच्या फोनवर अख्खा खेळ ६४ केबीत बसवावा लागे. हा फरक अकरा हजारांहून अधिक पटींचा आहे. घाऊक व्यापाऱ्याच्या भाषेत सांगायचे, तर अकरा गोण्या तांदूळ घेऊन यायचे आणि त्यातून मूठभर निवडून तीच सगळी बिर्याणी म्हणून वाढायची.

मग प्रश्न असा की अकरा हजारांतला एक हिस्सा ठेवायचा, तर कोणता?

मालेगावची सायकल

या प्रश्नाचे उत्तर शोधायला दूर जायला नको. आपल्याच नाशिक जिल्ह्यातील मालेगावात नासिर शेख यांनी २००० साली 'मालेगाव के शोले' हा चित्रपट काढला. मूळ 'शोले'त डाकू घोड्यांवर येतात. मालेगावात घोडे परवडणारे नव्हते, म्हणून डाकू सायकलींवर आले. पुढे २००८ साली फैजा अहमद खान यांनी या मंडळींवर 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट केला आणि २०२४ मध्ये रीमा कागती यांनी 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' हा चित्रपट. नासिरभाईंचे काम जगाने पाहिले ते घोडे हुबेहूब आणले म्हणून नव्हे. डाकूंची दहशत आणि प्रेक्षकाचे हसू सायकलीवरही टिकते, हे त्यांनी ओळखले म्हणून!

फोनवर खेळ बसवणाऱ्यांना हाच धडा शिकावा लागला. पहिल्या पहिल्यांदा कित्येकांनी मोठे चित्र नुसते आवळून लहान केले. तसे केले की राजपुत्राचा चेहरा म्हणजे तीन ठिपके होतात आणि तलवार दिसतच नाही. हुशार कारागिरांनी वेगळी वाट धरली. फ्रान्सच्या युबिसॉफ्ट कंपनीचा 'प्रिन्स ऑफ पर्शिया : द सँड्स ऑफ टाइम' हा खेळ २००३ मध्ये संगणकावर आला. त्यात राजपुत्र मोठ्या महालात चहूबाजूंनी फिरतो. गेमलॉफ्ट कंपनीने त्याच वर्षी तो फोनवर आणला, तेव्हा चारी बाजूंचा महाल टाकून दिला आणि बाजूने दिसणारे सपाट चित्र घेतले. उडी, तलवार, खड्डा आणि सापळा एवढे ठेवले. गंमत अशी की जॉर्डन मेक्नर यांनी १९८९ साली पहिला 'प्रिन्स ऑफ पर्शिया' बनवला, तेव्हा तोही असाच सपाट होता. म्हणजे नवा माल लहान करता करता कारागीर जुन्या, अस्सल नमुन्याकडेच परत गेले.

दुसरे उदाहरण अमेरिकेतील टेक्सासचे. तेथील आयडी सॉफ्टवेअर कंपनीचा 'डूम' हा १९९३ सालचा खेळ जगभर गाजला. डोळ्यासमोर बंदूक, पुढे राक्षस आणि वाऱ्यासारखी धावपळ, असा तो खेळ. २००५ मध्ये त्याचे एक निर्माते जॉन कारमॅक यांनी तो फोनवर आणायला घेतला. फोनची बटणे आणि चाल इतकी मंद की धावपळ जमणे नाही. त्यांनी धावपळच काढून टाकली. 'डूम आरपीजी' या त्यांच्या फोनवरच्या खेळात आपण एक पाऊल टाकतो, मग राक्षस एक पाऊल टाकतो. जणू बुद्धिबळाचा पट. अंधारे बोळ तेच, राक्षस तेच, भीतीही तीच. घोडा गेला, सायकल आली, पण डाकू राहिला.

चौकटी मोजून विणकाम

आता प्रत्यक्ष काम कसे चाले, ते पाहू. येवल्याचे पैठणी विणकर नक्षी चौकटीच्या कागदावर उतरवतात आणि मोर किंवा पोपट तारा मोजून विणतात, हे आपण जाणतोच. फोनच्या खेळाचे चित्रकाम अगदी तसेच होते. १२८ बाय १२८ च्या पडद्यावर १६ बाय १६ ठिपक्यांचे चौकोनी तुकडे पाडले, तर आडवे आठ आणि उभे आठ, असे एकूण ६४ तुकडे बसतात. कारागीर भिंतीचा एक तुकडा काढी, जमिनीचा एक, जिन्याचा एक, दाराचा एक. असे वीस-तीस तुकडे झाले की त्यांचीच उलटसुलट मांडणी करून अख्खा महाल उभा राही. महालाचे चित्र साठवायची गरज नसे. कोणत्या जागी कितव्या नंबरचा तुकडा, एवढी आकड्यांची यादी पुरे. कापडावर ठसे मारणारा कारागीर एकाच लाकडी ठशातून साडीचा काठ भरून काढतो, त्यातलाच हा प्रकार.

राजपुत्र उजवीकडे धावताना एकदाच काढायचा आणि डावीकडे धावताना तेच चित्र आरशासारखे उलटवायचे. रंग मोजून वापरायचे. दहा लहान चित्रांच्या दहा फायली ठेवल्या तर प्रत्येकीचे वेष्टन वेगळे वजन खाते, म्हणून सगळी चित्रे एकाच मोठ्या चित्रात शेजारी शेजारी लावायची. प्रोग्रॅममधली लांब लांब नावे खोडून त्यांच्या जागी एका अक्षराची नावे ठेवायची, कारण नावही जागा अडवते. गाण्याचे ध्वनिमुद्रण परवडत नसे. त्याऐवजी कोणता सूर किती वेळ वाजवायचा, याची चिठ्ठी फोनला द्यायची आणि फोन स्वतःच वाजवी. शिंपी कात्री चालवण्याआधी कापडावर खडूने साचे सरकवून पाहतो आणि चिंधीही वाया जाऊ देत नाही, तसे हे काटकसरीचे काम होते.

गणिताचीही एक अडचण होती. त्या पहिल्या फोनांवरच्या जावात दशांश अपूर्णांकांची सोय नव्हती. सगळे पूर्णांकात. मग गोळी अर्धा ठिपका पुढे कशी सरकवायची? याचे उत्तर आपल्या प्रत्येक दुकानदाराला ठाऊक आहे. साडेबारा रुपयांऐवजी बाराशे पन्नास पैसे लिहा, अपूर्णांक उरतच नाही. त्यांनीही ठिपक्याचे पैसे पाडले, हिशेब पैशांत केला आणि शेवटी पडद्यावर दाखवताना रुपये केले.

बटणांचा प्रश्न सर्वांत अवघड. संगणकावर डाव्या हाताने चालायचे आणि उजव्या हाताने माउस धरून नेम घ्यायचा. फोनवर एकच अंगठा. २, ४, ६, ८ या बटणांनी दिशा आणि ५ ने मार. त्यात बऱ्याच फोनांना दोन बटणे एकदम दाबलेली कळतच नसत. म्हणजे धावता धावता गोळी झाडणे बंद! मग कारागिरांनी युक्ती काढली. शत्रू समोर आला की गोळी आपोआप सुटेल, किंवा ५ हेच बटण दारापाशी दार उघडेल, शिडीपाशी वर चढवेल आणि शत्रूपाशी वार करेल. हत्यार एक, उपयोग तीन.

एक खेळ, शंभर फोन

इतके करून खेळ तयार झाला, तरी काम संपले असे नव्हते. खरे तर येथून पुढेच मजुरीचे काम सुरू होई. बाजारात एक फोन नव्हता, शेकडो होते. नोकिया ३४१० चा पडदा ९६ बाय ६५ आणि तोही एकरंगी. नोकिया ६६०० चा १७६ बाय २०८. सॅमसंग, मोटोरोला, सीमेन्स, एलजी, सोनी एरिक्सन, प्रत्येकाचे माप वेगळे, स्मरणशक्ती वेगळी आणि खोडीही वेगळी. पडद्याखालचे डावे बटण दाबले की नोकियाचा फोन उणे ६ हा आकडा सांगे, मोटोरोलाचा बहुधा उणे २१ आणि सीमेन्सचा उणे १. एका फोनवर बरोबर चालणारा खेळ दुसऱ्यावर मुका होई, तिसऱ्यावर मध्येच बंद पडे. खेळ चालू असताना फोन आला, तर खेळ तेथेच थांबला पाहिजे आणि बोलणे संपल्यावर तेथूनच पुढे चालला पाहिजे, हीसुद्धा एक अट असे. ती प्रत्येक फोनवर तपासून पाहावी लागे.

एकाच खेळाला वेगवेगळ्या फोनांच्या मापाने पुन्हा पुन्हा बेतण्याच्या या कामाला धंद्यात पोर्टिंग म्हणत. कपाटात शेकडो फोन, प्रत्येकावर चिठ्ठी आणि तोच खेळ दिवसभर पुन्हा पुन्हा खेळून चुका लिहून काढणारी मुले, असे त्या कारखान्याचे रूप असे. बाहेरच्याला वाटे, ही पोरे खेळतात. प्रत्यक्षात ती नगावर माल तपासत होती. सातपूर-अंबडच्या औद्योगिक वसाहतीत जॉबवर्क करणाऱ्या आपल्या बांधवांना हे चित्र चटकन ओळखू येईल. मोठ्या कंपनीचा नकाशा, तिचेच माप, तिचीच तपासणी आणि आपल्याकडे फक्त यंत्र व हात.

मुंबई आणि पुण्याचे कारखाने

महाराष्ट्रात या धंद्याचे सर्वांत मोठे नाव म्हणजे इंडियागेम्स. विशाल गोंडल यांनी ही कंपनी १९९९ साली मुंबईत काढली. फोनवरचे खेळ हा तिचा मुख्य धंदा झाला. २००५ मध्ये चीनच्या टॉम ऑनलाइन कंपनीने तिचा मोठा हिस्सा घेतला. २००७ मध्ये तो मुंबईच्या यूटीव्हीकडे आला आणि २०१२ मध्ये यूटीव्हीच डिस्नेच्या ताब्यात गेली.

याच कंपनीच्या आयजी फन या शाखेने 'बायोशॉक' या खेळाची फोनवरची आवृत्ती काढण्याचे हक्क मिळवले. 'बायोशॉक' म्हणजे समुद्राच्या तळाशी बुडालेल्या शहरातली मारामारी. हा खेळ २००७ साली आला, तेव्हा संगणकात त्याला ८ जीबी जागा लागत होती आणि जगभरच्या जाणकारांनी त्याची वाखाणणी केली होती. असा खेळ खिशातल्या फोनसाठी कापण्याचे काम मुंबईकडे आले, ही मोठी गोष्ट होती. आणि या व्यवहारातला 'हक्क' हा शब्द वाचकांनी लक्षात ठेवावा. दुसऱ्याने सांगितले म्हणून कापून देणे वेगळे आणि आपण हक्क घेऊन आपल्या जबाबदारीवर माल बाजारात आणणे वेगळे.

पुण्यात गेमलॉफ्टचा स्टुडिओ होता. २००८ मध्ये युबिसॉफ्टने तो विकत घेतला आणि तो युबिसॉफ्ट पुणे झाला. हैदराबादेतही गेमलॉफ्टचा स्टुडिओ होता. नाशिकहून चार-पाच तासांच्या अंतरावर, मुंबईत आणि पुण्यात, आपल्या वयात आलेल्या मुलांना या कामात शिरकाव मिळू शकत होता. त्या काळात आपल्या किती घरांत ही बातमी पोहोचली होती, हे ज्याने त्याने स्वतःच्या मनाला विचारावे. कार्डात खेळ भरून देण्याचे दहा रुपये आपल्याला दिसत होते. खेळ कापण्याच्या मजुरीचे दार मात्र दिसत नव्हते.

पैसा कोणाच्या गल्ल्यात

या धंद्यातल्या पैशाची वाटणी कशी होती? गिऱ्हाईक फोनवरून अधिकृतपणे एक खेळ उतरवी, तेव्हा पन्नास-शंभर रुपये त्याच्या बॅलन्समधून कापले जात. यातला मोठा वाटा फोनची सेवा देणारी कंपनी ठेवून घेई, कारण गिऱ्हाईक तिचे, वसुली तिची आणि खेळांची यादी जिच्यावर दिसे ती पाटीही तिचीच. ती या बाजाराची आडत होती. उरलेल्यातून मूळ खेळाच्या मालकाला नावाचे पैसे जात. मग फोनवरच्या खेळाचा प्रकाशक. सर्वांत शेवटी पोर्टिंग करणारा, आणि त्याला बहुधा नगावर ठरलेली मजुरी. खेळ दहा गिऱ्हाइकांनी घेतला काय आणि दहा लाखांनी घेतला काय, त्याची मजुरी तेवढीच.

मालेगावच्या यंत्रमागवाल्याला ही वाटणी समजावून सांगावी लागणार नाही. सूत व्यापाऱ्याचे, कापड व्यापाऱ्याचे, माग आपला, वीजबिल आपले आणि मजुरी मीटरवर. भाव चढला तर चढलेला पैसा सूत देणाऱ्याचा. बाजार पडला तर माग आपलाच थांबतो. मजुरीचे काम वाईट, असे आम्ही म्हणत नाही. मजुरीनेच लाखो घरे चालतात आणि ती कष्टाची, हलाल कमाई आहे. पण मजुरीत नाव नसते आणि जेथे नाव नसते, तेथे उद्याचा भरवसा नसतो. कापडाच्या गठ्ठ्यावर छाप कोणाची आहे, यावर सगळे अवलंबून असते.

आपल्या दुकानदाराची बाजू

आता पुन्हा आपल्या दुकानाकडे येऊ. कार्डात खेळ भरून देणारा दुकानदार या साखळीत कोठे होता? खरे सांगायचे तर कोठेच नव्हता. तो जे खेळ भरून देत होता ते इकडून तिकडून उतरवलेले, परवान्याविना नकललेले होते. त्यातून मूळ मालकाला, मुंबईच्या प्रकाशकाला आणि पुण्यात रात्र रात्र चुका शोधणाऱ्या मुलाला एक पैसाही जात नव्हता.

कायद्याची गोष्ट स्पष्ट आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात संगणकाचा प्रोग्रॅम हा लेखकाच्या पुस्तकासारखाच मालकीचा धरला आहे. त्या कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे जाणूनबुजून अशी नक्कल करून धंदा करणाऱ्याला सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. दहा रुपयांच्या कमाईपुढे ही जोखीम केवढी, हे व्यापाऱ्यानेच तोलावे. कायदा बाजूला ठेवला, तरी दुसऱ्याच्या मेहनतीचा माल त्याला न विचारता विकणे, याला आपल्या घरात काय म्हणतात, हे आपण सर्व जाणतो. आपल्या नक्षीची नक्कल सुरतेहून स्वस्तात आली की आपल्याला जसे लागते, तसेच ते त्यांनाही लागले असणार.

येथे दुकानदाराची एक बाजूही मांडली पाहिजे. गिऱ्हाइकाला खेळ हवा होता, त्याची ऐपत दहा रुपयांची होती आणि रोखीने, मोहल्ल्यात, समजावून देणारा असा परवान्याचा रस्ता त्याच्यापर्यंत फारसा पोहोचला नाही. मोठ्या कंपन्यांनी ही टपरी आपले विक्रीकेंद्र म्हणून वापरली असती, तर दोघांचेही भले झाले असते. दुकानदारांनाही एकत्र येऊन तशी मागणी करता आली असती. ती झाली नाही आणि संधी दोन्ही बाजूंनी गेली.

धंदा बुडाला, हुन्नर तरला

जुलै २००८ मध्ये ॲपलने फोनवरच खेळांची बाजारपेठ उघडली. त्याच वर्षी ऑक्टोबरात गूगलची अँड्रॉइडवरची बाजारपेठ आली. तेथे कोणीही, नाशिकच्या खोलीत बसलेला एकटा मुलगासुद्धा, आपला खेळ थेट जगापुढे मांडू शकत होता. फोनसेवा देणाऱ्या कंपनीची आडत मोडली. आपल्याकडे हा बदल काही वर्षे उशिरा आला, पण आला तो पुराच्या पाण्यासारखा. एप्रिल २०१४ मध्ये नोकियाचा फोनचा धंदा मायक्रोसॉफ्टकडे गेला. पडदे मोठे झाले, जागा मुबलक झाली आणि ६४ केबीत महाल बसवणाऱ्याची गरज उरली नाही. कार्ड भरून देणारी टपरीही ओस पडली, कारण गिऱ्हाईक स्वतःच सगळे उतरवू लागले.

या पुरात कोण बुडाले आणि कोण तरले? ज्याला फक्त अमुक फोनचे बटण उणे ६ आहे एवढेच ठाऊक होते, त्याचे ज्ञान त्या फोनबरोबर गेले. ज्याला कमी जागेत जास्त कसे बसवावे, कशाला हात लावायचा नाही, काय टाकून दिले तरी चालेल, हे कळत होते, त्याला पुढेही काम मिळाले. कारण फोन मोठा झाला तरी स्वस्त फोन आणि महाग फोन हा भेद राहिलाच आणि खेळ दोन्हींवर चालावा लागतो. दुकानदारांतही तेच घडले. जे फक्त कार्ड भरत होते ते उठले. जे त्याच टेबलावर सोल्डरिंगची इस्त्री धरून दुरुस्ती शिकले, ते टिकले.

मजुरी आणि मालकी यांतला फरक दाखवणारी एक घटना अलीकडची आहे. ज्या 'सँड्स ऑफ टाइम'ला २००३ मध्ये फोनसाठी कापले गेले होते, तोच खेळ नव्याने, मोठ्या पडद्यासाठी बनवण्याचे काम युबिसॉफ्टने आपल्या पुणे आणि मुंबई स्टुडिओंकडे दिले. सप्टेंबर २०२० मध्ये त्याची घोषणा झाली. महाराष्ट्रात बसलेल्या कारागिरांच्या हाती जगप्रसिद्ध खेळ पूर्णपणे आला, हा अभिमानाचा क्षण होता. पण पहिल्या झलकेतील चित्रांवर खेळाडूंनी टीका केली, तारखा पुढे गेल्या आणि मे २०२२ मध्ये ते काम कॅनडातील मॉन्ट्रियलच्या स्टुडिओकडे सोपवण्यात आले. माल ज्याचा, निर्णय त्याचा. त्यात कारागिरांचा दोष किती आणि मुदतीचा किती, याचा निवाडा आम्ही करत नाही. एवढेच म्हणतो की मालकी हाती नसली की हातातले कामही कर्जाऊ असते.

ध्यानात ठेवण्याच्या गोष्टी

या सगळ्यातून आपल्या व्यापारी आणि कारागीर बांधवांनी काय घ्यावे?

पहिली गोष्ट, यंत्र बदलते पण माप टिकते. मुलाला एखादे यंत्र किंवा एखादा प्रोग्रॅम चालवायला शिकवून थांबू नका. कमी साधनांत नेमके काय राखायचे, ही नजर त्याला द्या. ती नजर शिंपी, विणकर, सोनार आणि तांबट यांच्या घरात आधीपासूनच आहे. संगणकाच्या वर्गात ती मिळत नाही.

दुसरी गोष्ट, दहा कामे मजुरीची घेतली तर अकरावे काम स्वतःच्या नावाचे करा, मग ते कितीही लहान असो. एक नक्षी, एक छाप, एक खेळ. त्याची नोंद करून ठेवा. पैठणीला भौगोलिक मानांकन मिळाले, ते नावाची किंमत ओळखली म्हणून.

तिसरी गोष्ट, एकाच आडत्यावर सारा धंदा उभा करू नका. कालचा आडत्या फोन कंपनी होती, आज परदेशी ॲपची बाजारपेठ आहे. तीही आपला वाटा कापते आणि आपले नियम बदलते.

चौथी गोष्ट घरातल्या वडीलधाऱ्यांसाठी. मुलगा किंवा मुलगी म्हणते, मला गेम बनवण्याचे काम शिकायचे आहे. आपण ऐकतो 'गेम' आणि रागावतो. येथे फरक करायला हवा. पैसे लावून खेळायचे ऑनलाइन खेळ हा जुगारच आणि त्यांच्यावर ऑगस्ट २०२५ च्या केंद्रीय कायद्याने बंदीही आणली आहे. पण खेळ घडवणे ही चित्रकाराची, गणितज्ञाची आणि शिंप्याची एकत्र कारागिरी आहे. दिवसभर गेम खेळणारा मुलगा आणि गेम शिवणारा मुलगा यांत, बिर्याणी खाणारा आणि बिर्याणी करणारा यांच्याइतके अंतर आहे.

जुने फोन अजूनही आपल्या घरांतील पेटीत किंवा कपाटाच्या कोपऱ्यात पडलेले असतील. एखादा चालू झाला तर त्यातला राजपुत्र पुन्हा उडी मारील. त्या वेळी मुलांना जवळ बसवून पडद्यावरचे तुकडे मोजायला सांगा, आठ आडवे आणि आठ उभे. त्या चौसष्ट चौकटींत कोणीतरी अख्खा महाल बसवला होता. त्याचे नाव पडद्यावर कोठेही नव्हते. पुढच्या महालावर नाव कोणाचे असेल, याचा विचार आतापासून करायला हवा.